नसलेलं दुकान आणि खरीखुरी गर्दी: 'चेस्की सेन'चं पूर्ण प्रकरण

३१ मे २००३, शनिवार, सकाळचे दहा. प्रागच्या कडेला लेत्न्यानी नावाचा भाग आहे, तिथल्या एका मोकळ्या माळावर तीन हजारांच्या वर माणसं जमलीयत, हातात पिशव्या, कडेवर पोरं, त्यात म्हातारी माणसंही भरपूर, आणि समोर लांबवर एका नव्याकोऱ्या हायपरमार्केटची रंगीत दर्शनी भिंत दिसतेय. सूट घातलेले दोन तरुण मॅनेजर पुढे येतात, फीत कापतात, बॅरिकेड बाजूला होतात आणि लोक गवतातून सुटतात. जवळ गेल्यावर कळतं की ती भिंत म्हणजे १० मीटर उंच आणि १०० मीटर लांब छापील कापड आहे, मागे लोखंडी परांची, आणि परांचीच्या मागे परत गवतच. दुकान नाहीच. कधी नव्हतंच.

ते दोन मॅनेजर म्हणजे व्हीत क्लुसाक आणि फिलिप रेमुंडा, फामू ह्या प्रागच्या प्रसिद्ध फिल्म स्कूलमधले डॉक्युमेंटरीचे विद्यार्थी, आणि हा सगळा घाट त्यांच्या डिप्लोमा फिल्मसाठी घातलेला. दुकानाचं नाव तेच फिल्मचं नाव, 'चेस्की सेन', म्हणजे चेक स्वप्न. फिल्म २००४ ला आली आणि तेव्हापासून ग्राहक संस्कृतीवरच्या डॉक्युमेंटऱ्यांची कुठलीही यादी काढा, त्यात ती असतेच.

आता ह्याबद्दल लिहायचं कारण असं की ह्या फिल्मबद्दल बोलताना बहुतेक लोक शेवटची वीस-पंचवीस मिनिटंच सांगतात. लोक कसे धावले, कसे उल्लू बनले, हाहाहा. मला ते वाचन पटत नाही. म्हणजे ते खोटं नाहीये पण फार वरवरचं आहे, आणि त्यामुळे फिल्ममधला खरा माल सुटतो. तर हे प्रकरण जरा सुरुवातीपासून उलगडून बघू, कोणी काय ठरवलं, का ठरवलं, आणि कुठे गाडी रुळावरून घसरली (माझ्या मते एका ठिकाणी घसरलीच).

आधी जागा आणि काळ

२००३ चं चेक रिपब्लिक म्हणजे साधारण एक कोटी वस्तीचा देश, कम्युनिस्ट राजवट जाऊन चौदा वर्षं झालेली. त्या राजवटीत दुकानात काय मिळेल ह्याची खात्री नसायची, रांग दिसली की आधी उभं राहायचं आणि मग पुढच्याला विचारायचं काय आलंय. केळी, संत्री असली फळं आली की रांगा. परदेशी जीन्स, परफ्युम, चांगली चॉकलेटं हवी असतील तर टुझेक्स नावाची सरकारी दुकानं होती, तिथे साधा क्राऊन (तिथलं चलन) चालायचा नाही, 'बोनी' नावाचे वेगळे कूपन लागायचे आणि ते मिळवायला दुकानाबाहेर काळाबाजारवाले उभेच असायचे. रेशन, रॉकेल आणि स्कूटरचं बुकिंग ज्यांच्या घरात झालंय त्यांना हे वेगळं समजवायला नको.

मग १९८९ च्या नोव्हेंबरमध्ये राजवट पडली आणि नव्वदीच्या दुसऱ्या अर्ध्यात बाहेरच्या कंपन्यांची हायपरमार्केटं धडाधड उभी राहायला लागली. टेस्को, कारफूर, ग्लोबस, काउफलांड, हायपरनोव्हा. शहराच्या कडेला, मोठ्या पार्किंगची, आत गेलं की अर्धा दिवस जातो अशी. लेत्न्यानीच्या त्याच भागातसुद्धा एक खरं मोठं शॉपिंग सेंटर आधीपासून होतं, हे लक्षात ठेवा, कारण ह्यामुळे माळावरच्या नव्या दुकानाची कल्पना कुणालाच विचित्र वाटली नाही. शनिवार-रविवार कुटुंबाने गाडी काढून तिथे जाणं हा कार्यक्रम झाला. पूर्वी चेक माणूस वीकेंडला गावाबाहेरच्या आपल्या छोट्या घरी, 'खता'वर जायचा, बाग करायचा, बिअर प्यायचा. आता त्यातले बरेच वीकेंड ट्रॉली ढकलण्यात जायला लागले.

आणि अजून एक गोष्ट त्याच वेळी चालू होती. युरोपियन युनियनमध्ये जायचं का नाही ह्यावर १३ आणि १४ जून २००३ ला सार्वमत होतं. म्हणजे माळावरच्या उद्घाटनानंतर बरोबर दोन आठवड्यांनी. सरकारने त्यासाठी करदात्यांच्या पैशातून जाहिरात मोहीम काढलेली, पोस्टरं, टीव्हीवर जाहिराती, सगळं. एकाच शहरात एकाच वेळी एक मोहीम युरोप विकतेय आणि दुसरी नसलेलं दुकान. हा योगायोग असेल असं मला तरी वाटत नाही.

मॅनेजर कसा बनवायचा

फिल्मचा पहिला भाग मला प्रचंड आवडतो. हे दोघे सुरुवातीला अगदी कॉलेजकुमार दिसतात, केस वाढलेले, कपडे कसलेही. दुकान काढायचं तर मालक मालकासारखा दिसायला पाहिजे, तर मग ते ह्युगो बॉस ह्या महागड्या कपड्यांच्या कंपनीकडे जातात आणि सांगतात आम्हाला मॅनेजर दिसायचंय. कंपनी सूट देते, बदल्यात फिल्ममध्ये त्यांचं नाव दिसणार. केस कापले जातात, फोटोशूट होतं, कसं उभं राहायचं, कुठे बघायचं हे शिकवलं जातं, आणि आपल्या डोळ्यांसमोर दोन पोरं दोन कॉर्पोरेट साहेब होतात. ह्याला फार वेळ लागत नाही हीच तर गोष्ट आहे. कॅमेरा हे सगळं लपवत नाही, उलट दाखवतोच, आणि आपण प्रेक्षक पहिल्या मिनिटापासून कटात सामील असतो. कुठल्या क्षणी काय खोटं आहे हे आपल्याला माहीत आहे, फक्त माळावरच्या लोकांना नाही.

हा निर्णय साधा वाटतो पण सगळी फिल्म ह्यावर उभी आहे. छुप्या कॅमेऱ्याच्या प्रँकमध्ये बनवणारा पडद्यामागे राहतो. इथे बनवणारेच मुख्य पात्र आहेत, फसवणूक त्यांच्या स्वतःच्या चेहऱ्याने होते आणि शिव्याही त्याच चेहऱ्याला पडतात. त्यामुळे ह्या दोघांवर मी पुढे जी काही टीका करणार आहे ती करतानाही पळपुटे म्हणता येत नाही त्यांना.

पैसा कुठून आला? चेक सांस्कृतिक मंत्रालयाच्या अनुदानातून. म्हणजे कराचा पैसा. ह्यावरून नंतर बराच आरडाओरडा झाला, येतोच त्याच्यावर.

एजन्सी, आणि फिल्मचा खरा गाभा

जाहिरात मोहीम केली मार्क बीबीडीओ ह्या प्रागमधल्या मोठ्या एजन्सीने. एजन्सीतल्या लोकांना माहीत होतं की दुकान नाहीये. हे परत वाचा, कारण गोष्ट सांगताना हे नेहमी गळतं. फसलेले फक्त ग्राहक. ज्यांनी मोहीम डोक्यातून काढली, लिहिली, रंगवली त्या प्रोफेशनल लोकांना सगळं ठाऊक होतं आणि त्यांनी ते काम पूर्ण कसबाने केलं, एखाद्या खऱ्या क्लायंटसाठी करतात तसंच.

मोहिमेची आयडिया म्हणजे कमाल आहे. सगळ्या घोषणा नकारात. येऊ नका. घाई करू नका. पैसे खर्च करू नका. रांग लावू नका. शहरभर सुमारे ४०० प्रकाशित फलक, २ लाख पत्रकं, रेडिओ, टीव्ही, पेपर, वेबसाइट, आणि एक गोड जिंगल जिच्यासाठी मुलांचा कोरस उभा केलेला. पत्रकात 'चेस्की सेन'च्या स्वतःच्या ब्रँडचा माल, म्हणजे नसलेल्या दुकानाच्या नसलेल्या मालाची पाकिटं डिझाइन करून, त्यांचे फोटो काढून, खाली अविश्वसनीय स्वस्त किमती. जिंगलमध्ये तर पैसे नसतील तर कर्ज काढा असं सरळ सांगितलंय, आणि ते इतक्या निरागस आवाजात की ऐकताना अंगावर काटा येतो.

मग एजन्सीतला तो प्रसंग येतो. पत्रकातल्या एका वाक्यावरून, कुणी रिकाम्या हाताने परत जाणार नाही अशा अर्थाचं काहीतरी, जाहिरातवाले अडतात. हे आम्ही लिहू शकत नाही, कारण हे खोटं आहे. लोक रिकाम्या हातानेच जाणार आहेत ना. फिल्मवाले म्हणतात अहो सगळी मोहीमच खोटी आहे. तर जाहिरातवाल्यांचं म्हणणं असं की तुम्ही फिल्मवाले खोटं बोलत असाल, आम्ही जाहिरातीत खोटं बोलत नाही. आणि ते थट्टा करत नाहीयेत! त्यांना मनापासून तसं वाटतंय. दुकान नाही, माल नाही, किंमत नाही, पण एक वाक्य तांत्रिकदृष्ट्या असत्य झालं तर धंद्याची नीती बुडाली.

मी हा प्रसंग पाहिला तेव्हा आधी हसलो आणि मग वाटलं की हा माणूस चुकीचं बोलत नाहीये, त्याच्या व्यवसायाच्या आतून बघितलं तर. 'येऊ नका' ह्यात खोटं काय? काहीच नाही. अक्षरशः खरा सल्ला आहे तो. पैसे खर्च करू नका हेही खरं. फलकावरचा एक शब्दही असत्य नाही आणि तरी ती पूर्ण फसवणूक आहे. तर मग खोटेपणा आहे कुठे? तो मजकुरात नाहीच, तो थाटात आहे. चकचकीत फलक, चार रंगांचं गुळगुळीत पत्रक, लोगो, जिंगल, सूट, ठरलेली तारीख आणि वेळ. एवढा खर्च कुणी उगाच करत नाही हे लोकांना माहीत असतं, आणि त्यांनी त्याच्यावर विश्वास ठेवला. ह्यात मूर्खपणा काय आहे? आपण सगळे रोज ह्याच हिशोबावर जगतो, बँक खरी आहे का हे तिच्या काचा बघून ठरवतो, डॉक्टर खरा आहे का हे बोर्ड बघून.

इथे मला चेक नाटककार वाक्लाव हावेलचा भाजीवाला आठवतो. १९७८ मध्ये, राष्ट्राध्यक्ष वगैरे व्हायच्या खूप आधी, हावेलने एका निबंधात एक भाजीवाला उभा केला होता जो आपल्या दुकानाच्या खिडकीत कांद्या-गाजरांमध्ये 'जगातल्या कामगारांनो एक व्हा' अशी पाटी लावतो. तो ती वाचत नाही, गिऱ्हाईकही वाचत नाही, पाटीचा अर्थ कुणालाच नकोय, पाटी लावण्यातूनच निरोप जातो की बाबा मी शिस्तीत आहे, मला त्रास देऊ नका. आता त्याच देशात पंचवीस वर्षांनी 'येऊ नका' असा फलक लागतो आणि हजारो लोक येतात. मजकूर परत कुणी वाचला नाही! सार्वजनिक जागेतला मजकूर सरळ अर्थाने घ्यायचा नसतो हे त्या समाजाने चाळीस वर्षं गिरवलेलं होतं. बदललं एवढंच की आधी पाटीच्या मागे भीती होती आणि आता ऑफर. शिवाय हावेलने त्याच निबंधात म्हटलंय की ही व्यवस्था म्हणजे हुकूमशाही आणि ग्राहक समाज ह्यांच्या भेटीतून तयार झालीय, म्हणजे ग्राहक संस्कृती १९८९ नंतर विमानाने आली असं नाहीये, ती आधीपासून तिथे होतीच, फक्त माल कमी होता.

माझ्यासाठी फिल्म इथेच आहे. एजन्सीच्या टेबलाशी.

संशोधन नावाचा प्रकार

थोडक्यात सांगतो कारण हा भाग छोटा आहे. मोहीम चालेल का हे तपासायला मार्केट रिसर्च करतात, लोकांना बसवून पत्रक दाखवतात आणि डोक्यावर एक यंत्र लावून डोळा कागदावर कुठे कुठे फिरतो ते मोजतात. किमतीवर किती वेळ थांबला, फोटोवर किती. आता आपल्या सगळ्यांच्या फोनमध्ये असलंच काहीतरी दिवसभर चालू असतं म्हणून नवल वाटणार नाही, पण २००३ ला एका सुपरमार्केटच्या पत्रकासाठी माणसाच्या डोक्याला यंत्र बांधतात हे बघून त्यावेळचे प्रेक्षक हादरले असणार. दिग्दर्शक इथे काही बोलत नाहीत, नुसतं दाखवतात. बरं केलं.

माळावर

आता तो प्रसिद्ध भाग. एक गोष्ट मान्य करायला हवी की दृश्य म्हणून ते अफाट आहे. माळ मोठा, भिंत मुद्दाम लांब ठेवलेली, त्यामुळे चालायला वेळ लागतो, आणि त्या वेळात माणसांचा एक क्रम तयार होतो. पुढे तरणीबांड पळणारी, मग पोरंबाळंवाले झपाझप, शेवटी म्हातारी माणसं. पुढच्यांना सत्य कळलेलं असतं तरी मागचे अजून येतच असतात. लेखकाने कागदावर लिहिलं असतं तर आपण म्हटलं असतं फारच सोयीस्कर झालं बुवा.

आणि मग प्रतिक्रिया. मला वाटलेलं सगळे भडकतील. भडकलेच काही, का नाही भडकणार, शनिवार सकाळ घालवून, बसचं तिकीट काढून आलेली माणसं. पण कितीतरी लोक हसतात. हवा छान आहे, फिरणं तरी झालं म्हणतात. काही जण भिंतीच्या मागे जाऊन परांची बघून येतात, जणू पैसे वसूल. काही पोरं कापडावर दगड मारतात. काही जण कॅमेऱ्यासमोर एकदम गंभीर होऊन बोलतात की आम्हाला हे असंच नेहमी फसवलं जातं, आणि बोलता बोलता गाडी थेट सरकारवर आणि युरोपियन युनियनवर जाते. दिग्दर्शकांनी विचारलं म्हणून नाही, आपणहून. आज ह्यांनी दुकान विकलं, दोन आठवड्यांनी ते युरोप विकणार, तिथेही मागे परांचीच असेल.

म्हणजे ज्या लोकांना आपण उल्लू म्हणतोय त्यांनी पाच मिनिटांत फिल्मचा मुद्दा पकडला, तोही माळावर उभं राहून, रिकामी पिशवी हातात धरून. समीक्षकांना त्याला पुढे कितीतरी लेख लागले. ह्या कारणासाठी मी म्हणतो की ही फिल्म ग्राहकांना हसणारी नाही, निदान तिचा चांगला अर्धा तरी नाही.

(आणि गर्दीवरून चेक लोकांना नावं ठेवायच्या आधी आपण २६ जानेवारी २००६ आठवावा, बिग बझारचा पहिला 'सबसे सस्ता दिन', गर्दी इतकी की दुकानांची शटरं ओढायची वेळ आली. तिथे माल खरा होता एवढाच फरक. धावणारी माणसं तीच.)

नंतरचा गदारोळ

पेपरात, टीव्हीवर, राजकारण्यांमध्ये महाचर्चा. आक्षेप मुख्यतः दोन. एक, करदात्याच्या पैशातून करदात्याला फसवलं. दोन, म्हाताऱ्या-कोताऱ्यांची आणि गरिबांची चेष्टा केली. पहिला आक्षेप मला लंगडा वाटतो, कारण करदात्याच्याच पैशातून त्याच महिन्यात सरकार जी जाहिरातबाजी करत होतं तिच्यावर एवढा कुणाचा जीव तुटला नाही, आणि अनुदान फिल्मला दिलेलं, फिल्म तर झाली. सार्वमताचं काय झालं म्हणाल तर ७७ टक्क्यांच्या वर लोकांनी हो म्हटलं, मतदान ५५ टक्के, आणि १ मे २००४ ला देश युनियनमध्ये गेला. म्हणजे माळावरच्या वैतागाचा मतपेटीवर फार परिणाम झाला नाही. फिल्मने काही बदललं का ह्या प्रश्नाचं उत्तर शोधणाऱ्यांनी एवढ्यावर समाधान मानावं, हायपरमार्केटंही बंद झाली नाहीत.

दुसरा आक्षेप मात्र लंगडा नाही.

कुठे घसरलं

बघा, फसवणुकीत सामील असलेले दोन गट आहेत. एक, ज्यांना माहीत होतं, सूट देणारे, एजन्सी, रिसर्चवाले. दुसरा, ज्यांना माहीत नव्हतं, म्हणजे माळावरची माणसं. पहिल्या गटाला तयारीला वेळ मिळाला, काय बोलायचं ते त्यांनी ठरवलं, पडद्यावर नाव दिसण्याचा फायदाही मिळाला. दुसऱ्या गटाला ह्यातलं काहीच मिळालं नाही. आणि फिल्म सगळ्यात जास्त लक्षात राहते ती दुसऱ्या गटासाठी. हे तिचं यशही आहे आणि तिच्यातला दोषही.

एवढ्या स्वस्तात माल मिळतोय म्हणून सकाळी दहाला शहराच्या टोकाला कोण येतं? ज्याला त्या दोन पैशांनी फरक पडतो तो. पेन्शनवर जगणारे, लहान पोरंवाले. पैसेवाला माणूस त्या सकाळी झोपलेला होता किंवा आपल्या खतावर गेलेला होता, आणि तो लेत्न्यानीला आला नाही म्हणजे तो ग्राहक संस्कृतीच्या बाहेर आहे असं थोडंच? तो महागड्या गोष्टींच्या जाहिरातीला फसतो, माळावर धावत नाही एवढंच. म्हणजे सापळ्यात आमिष स्वस्ताईचं ठेवलं की कोण सापडणार हे आधीच ठरतं, आणि मग 'समाज असा आहे' म्हणून जो समाज दाखवला जातो तो खरंतर समाजाचा एक तुकडा असतो, तोही खालचा. ही गोष्ट दिग्दर्शकांना सुचली नसेल असं नाही, हुशार लोक आहेत. पण फिल्ममध्ये ती कुठे दिसत नाही.

दुसरं म्हणजे, तो माळावरचा भाग कापताना धावणाऱ्या म्हाताऱ्या माणसांवर कॅमेरा जेवढा वेळ रेंगाळतो तेवढा रेंगाळायची गरज नव्हती. एकदा दाखवलं, कळलं. परत परत दाखवलं की हसू यायला लागतं, आणि ते हसू कुणाच्या खर्चाने आहे हे विसरलं जातं. माझ्या हातात एडिट असती तर मी तिथून दोन-तीन मिनिटं काढून एजन्सीच्या टेबलाला दिली असती.

आणि जमावाच्या सुरक्षिततेचा प्रश्न. हजारो माणसं उबडखाबड गवतातून धावतात, कुणी पडलं असतं, पोरगं चिरडलं असतं तर? उद्घाटनाच्या नावाखाली माणसं बोलावली की त्यांच्या हातापायांची जबाबदारी तुमचीच. इथे कुणाला असा प्रयोग करायची हुक्की आली तर आधी ह्याचा विचार करा, कारण आपल्याकडे गर्दी तीन हजारांवर थांबणार नाही.

दिग्दर्शकांच्या बाजूने काय आहे, तेही मांडायला हवं. ते पळाले नाहीत. सत्य कळल्यावर लोकांनी घेरलं तेव्हा सूट घालून तिथेच उभे राहिले, प्रश्नांना उत्तरं दिली, शिव्या खाल्ल्या, आणि ते सगळं फिल्ममध्ये ठेवलं, स्वतःची उत्तरं जिथे कच्ची पडली तिथेसुद्धा. कितीजण ठेवतील? जाहिरात करणाऱ्या किती कंपन्यांचे मालक गिऱ्हाइकासमोर असे मैदानात उभे राहतात?

पुढे काय झालं

दोघांनी पुढे जी निर्मिती कंपनी चालवली तिचं नाव हायपरमार्केट फिल्म. विनोदबुद्धी शाबूत आहे म्हणायची. क्लुसाकने नंतर नोशोव्हित्से गावातल्या कोबीच्या शेतांवर उभ्या राहिलेल्या ह्युंदाई कारखान्यावर फिल्म केली, म्हणजे परत मोठा पैसा, परत रिकामी जमीन, पण ह्यावेळी आत खरा कारखाना. ती कमी गाजली. मला ती जास्त समजूतदार वाटते, कारण तिथे कुणाला फसवायची गरजच पडत नाही, गावकरी आपल्याच तोंडाने विकल्या गेलेल्या जमिनीबद्दल बोलतात.

आणि मग २०२० मध्ये त्याने बार्बोरा खालुपोव्हासोबत 'व्ही सिती' (म्हणजे जाळ्यात) ही फिल्म केली, इंटरनेटवर लहान मुलींना गाठणाऱ्या पुरुषांवर. ह्यात 'चेस्की सेन'चीच पद्धत परत वापरली. स्टुडिओत बारा वर्षांच्या मुलींच्या तीन खोल्या उभ्या केल्या, खेळणी, पोस्टरं, सगळं खोटं, त्यात लहान दिसणाऱ्या तीन सज्ञान अभिनेत्री बसवल्या, सोशल मीडियावर खोटे प्रोफाइल काढले आणि दहा दिवसांत २४५८ पुरुषांनी संपर्क केला. परत खोटा दर्शनी भाग, परत खरी गर्दी. फरक आमिषात आणि कोण सापडलं त्याच्यात. हे सापडलेले लोक गुन्हेगार किंवा त्याच्या काठावरचे होते, चेक पोलिसांनी फुटेज मागून घेतलं, खटले झाले.

आता ह्या दोन फिल्म शेजारी ठेवून बघा. 'व्ही सिती'त त्या पुरुषांचे चेहरे धूसर केलेत, फक्त डोळे आणि तोंड दिसतं. कायद्याने तसं करावं लागत असेल, बरोबरच आहे, खटला व्हायच्या आधी माणसाला पडद्यावर शिक्षा देता येत नाही. पण 'चेस्की सेन'मध्ये स्वस्त माल मिळेल म्हणून आलेल्या माणसांचे चेहरे सताड उघडे आहेत, नातवंडांसकट. त्यांनी कुठलाच गुन्हा केला नव्हता म्हणून त्यांना संरक्षण मिळालं नाही, असा हा उफराटा हिशोब आहे, आणि फिल्म कॉलेजात हे प्रकरण शिकवणाऱ्या कुणी 'लोक कसे धावले'च्या ऐवजी ह्या प्रश्नावर एक तास घेतला तर मला तो तास ऐकायला आवडेल. चेहरे झाकले असते तर फिल्मचं काय उरलं असतं? माझं उत्तर आहे, बरंचसं. एजन्सी उरली असती, सूट उरले असते, ४०० फलक उरले असते. गेली असती ती फक्त क्लिप, जी लोक एकमेकांना पाठवतात.